तीस वर्षांतलं एक मिनिट

गेल्या डिसेंबरात आमच्या शाळेच्या एका जुन्या तुकडीने मेळावा भरवला होता. मुलं म्हणायची सवय आहे म्हणून मुलं म्हणतो, एरवी सगळी पन्नाशी ओलांडलेली. कुणी बँकेत, कुणी एसटीत, एकीची स्वतःची रोपवाटिका आहे. शाल-श्रीफळ झालं, मसालेभात झाला, आणि मग एकेकाने माईक हातात घेऊन आठवणी सांगायला सुरुवात केली. माझी पाळी आली तेव्हा मागच्या बाकावरचा एक जण उठला (चाळीस वर्षांनंतरही तो मागेच बसला होता!) आणि हात वर करून, माझ्याच आवाजात, माझ्याच लकबीत ओरडला, "आणि मराठे जिंकले!"

सगळा हॉल हसून हसून लोटपोट. मीही हसलो. पण घरी आल्यावर रात्री झोप लागेना.

झालं होतं ते असं. सातवीच्या वर्गावर पानिपत शिकवीत होतो. इब्राहिमखान गारद्याच्या तोफा, रोहिल्यांची उडालेली दाणादाण, हुजुरातीने वजीर शाहवलीच्या फौजेत मारलेली मुसंडी, असं सगळं सांगता सांगता मी इतका रंगलो, की टेबलावर हात आपटून वरचं वाक्य बोलून गेलो. वर्गात एक क्षण शांतता. मग पहिल्या बाकावरची मुलगी हळूच म्हणाली, "सर, पुस्तकात तर हरले असं दिलंय." बस्स, तेवढंच. चौतीस वर्षं मराठी आणि इतिहास शिकवला. रात्र रात्र जागून टिपणं काढली, नकाशे रंगवले, मुलांना पदरमोड करून किल्ल्यांवर नेलं. आणि उरलं काय, तर एक चूक! तीही ओरडून केलेली.

हे मनात घोळत असतानाच मे महिन्यात नातू सुट्टीला आला. त्याला फुटबॉलचं वेड. आमच्या पिढीला क्रिकेटचं होतं तसंच, फक्त याची झोपमोड जास्त, कारण सामने मध्यरात्री असतात. एका दुपारी तो मोबाईल घेऊन आला आणि म्हणाला, "आबा, हे ऐका. तुम्हाला आवडेल, यात सगळी इतिहासातली माणसं आहेत."

ऐकलं. कुणी तरी परक्या भाषेत घसा फोडून ओरडत होता. भाषा कळेना, पण मधूनच ओळखीची नावं येत होती. लॉर्ड नेल्सन. चर्चिल. ॲटली. लेडी डायना. मग एकदम इंग्रजीत मॅगी थॅचरला हाक, आणि शेवटी दोनदा तेच वाक्य, ज्याचा आपल्या भाषेत अर्थ होतो, "तुमच्या पोरांनी सणसणीत मार खाल्ला!" सगळं मिळून जेमतेम मिनिटभर. मी नातवाला म्हटलं, पुन्हा लाव. त्याने पाच-सहा वेळा लावलं असेल.

हा आवाज ब्यर्गे लिलेलियन नावाच्या नॉर्वेजियन समालोचकाचा. आपल्याकडे हे नाव कुणाच्या ऐकण्यात असण्याचं कारण नाही. नॉर्वेबाहेरही फुटबॉलवेड्यांखेरीज फारसं कुणाला ते ठाऊक नाही, आणि ज्यांना ठाऊक आहे त्यांना या एका मिनिटापुरतंच. म्हणूनच मला या माणसाबद्दल कुतूहल वाटलं. मग नातवाला कामाला लावलं, तो शोधत गेला आणि मी वहीत टिपत गेलो.

लिलेलियनचा जन्म २७ मार्च १९२७ चा. १९५७ पासून तो एनआरके या नॉर्वेच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेसाठी खेळांचं वर्णन करू लागला आणि १९८७ साली मृत्यू होईपर्यंत तेच करत राहिला. म्हणजे तीस वर्षं. एनआरकेची स्थापना १९३३ ची. दूरचित्रवाणीचं रीतसर उद्घाटन २० ऑगस्ट १९६० ला राजे ओलाव्ह पाचवे यांच्या हस्ते झालं. त्यानंतर जवळजवळ तीन दशकं नॉर्वेजियन माणसाला घरच्या टीव्हीवर देशातला हा एकच चॅनेल. आपल्या मुंबई दूरदर्शनचे १९७२ नंतरचे दिवस ज्यांनी पाहिले आहेत त्यांना एकच चॅनेल म्हणजे काय हे वेगळं सांगायला नको. त्यावर दिसणारी, बोलणारी माणसं ही घरातलीच होऊन जातात. बातम्या देणारी बाई आजारी दिसली तर आमची आई काळजी करायची! लिलेलियन हा नॉर्वेत तसाच घरातला आवाज होता. हिवाळ्यात स्कीइंग आणि बर्फावरचं स्केटिंग, उन्हाळ्यात फुटबॉल, कधी रेडिओवर, कधी टीव्हीवर.

स्केटिंगची एक गंमत कळली. तिकडे दहा हजार मीटरची शर्यत असते. चारशे मीटरच्या रिंगणाला पंचवीस फेऱ्या. दोघे दोघे धावतात, आणि सगळे गडी संपायला तासन् तास लागतात. रेडिओवर हे ऐकायला कंटाळवाणं वाटेल, पण नॉर्वेत लोक वही-पेन्सिल घेऊन बसत आणि समालोचक प्रत्येक फेरीची वेळ सांगेल तशी लिहून घेत. अमुक गड्याची बारावी फेरी कालच्या विजेत्यापेक्षा किती मागे, हा हिशेब घराघरात चाले. वाचून मला आमचे बाबा आठवले. तेही कसोटी सामना असला की पाठकोऱ्या कागदावर धावफलक मांडून ट्रान्झिस्टरला कान लावून बसायचे. बाळ ज. पंडितांचं मराठी समालोचन आकाशवाणीवर लागलं की घरात कुणी भांडं आपटायचं नाही. चेंडू कुठल्या दिशेला गेला, सूर्य कुठे कलला, गर्दी कशी बसली आहे, हे सगळं ते ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे उभं करत.

समालोचकाचं काम बाहेरून वाटतं तितकं सोपं नाही. रेडिओवर तर मुळीच नाही. समोर घडतं ते पाहायचं, त्याच क्षणी बोलायचं, आणि जो श्रोता आत्ताच येऊन बसला त्याच्यासाठी दर थोड्या वेळाने स्कोअर पुन्हा सांगायचा. स्वतःच्या संघाची बाजू मनात असली तरी आवाजात किती येऊ द्यायची याचं भान ठेवायचं. लिलेलियन हे तीस वर्षं करत होता. उत्साही म्हणून त्याची ख्याती होतीच, पण त्या दिवशी त्याचा बांध फुटला.

तो दिवस ९ सप्टेंबर १९८१. स्थळ ओस्लोचं उलेवाल मैदान. पुढच्या वर्षी स्पेनमध्ये व्हायच्या विश्वचषकाचा पात्रता सामना, नॉर्वे विरुद्ध इंग्लंड.

हा सामना किती विषम होता हे कळायला थोडे आकडे द्यावे लागतील. नॉर्वेची तेव्हाची लोकसंख्या सुमारे ४१ लाख. म्हणजे १९८१ च्या जनगणनेतल्या मुंबईच्या निम्मीच. नॉर्वे विश्वचषकात एकदाच खेळला होता, १९३८ साली फ्रान्समध्ये, आणि पहिल्याच सामन्यात इटलीकडून हरून घरी आला होता. (ती इटली पुढे विजेती ठरली, हे नॉर्वेच्या बाजूने सांगायला हवं.) १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकमध्ये मात्र त्यांनी हिटलरच्या डोळ्यांदेखत जर्मनीला २-० असं हरवून कांस्यपदक घेतलं होतं. ते सोडलं तर सांगण्यासारखं फार नाही. इंग्लंडला तर त्यांनी कधीच हरवलं नव्हतं. १९६६ साली इंग्लंड ओस्लोत येऊन ६-१ ने जिंकून गेला, आणि याच पात्रता फेरीत वर्षभरापूर्वी वेम्ब्लीवर नॉर्वेला ४-० असा मार पडला होता. नॉर्वेचे एक-दोन खेळाडू हॉलंडच्या क्लबांतून खेळत, पण घरी राहून खेळणाऱ्या बहुतेकांना पोटासाठी दुसरी नोकरी असायचीच.

सुरुवातही अपेक्षेप्रमाणे झाली. पंधराव्या मिनिटाला ब्रायन रॉबसनने इंग्लंडचा गोल केला. लोकांनी मनात पाच-सहा गोलांची तयारी ठेवली असणार. पण मध्यंतराआधीच रॉजर आल्बर्टसनने बरोबरी साधली आणि पाठोपाठ हालवार टोरेसनने दुसरा गोल मारला. २-१! उरलेली पंचेचाळीस मिनिटं किगन आणि मंडळी नॉर्वेच्या गोलावर धडका देत राहिली आणि ती पोरं तटबंदी लढवत राहिली. शिट्टी वाजली, आणि लिलेलियन सुटला.

आधी आपल्या भाषेत. आम्ही जगात सर्वश्रेष्ठ आहोत, आम्ही इंग्लंडला हरवलं, विश्वासच बसत नाही, असं काहीबाही. मग त्याने इंग्लंडला 'वीरांची जन्मभूमी' म्हटलं. हे शब्द सहज आलेले नाहीत. नॉर्वे जेव्हा डेन्मार्कच्या राजाखाली होता तेव्हा, १७७१ साली, कोपनहेगनमध्ये राहणाऱ्या नॉर्वेजियन मंडळींच्या बैठकीसाठी योहान नूरडाल ब्रून या कवीने एक गीत रचलं होतं. त्याच्या शीर्षकातच नॉर्वेला वीरांची जन्मभूमी म्हटलं आहे. पेले उंचावून म्हणायचं गाणं, पण त्यात स्वातंत्र्याची धग इतकी, की पुढे त्यावर बंदी आली. नॉर्वेत शाळकरी पोरालाही ठाऊक असलेली ती उपाधी लिलेलियनने त्या क्षणी उचलून इंग्लंडला देऊन टाकली. जिंकल्यावर समोरच्याला मोठं करून सांगण्याची ही रीत मला फार आवडली. मारलेला वाघ किती मोठा होता हे शिकारी सांगतो ना, तशी!

आणि मग ती नावं. लॉर्ड नेल्सन, लॉर्ड बीव्हरब्रुक, सर विन्स्टन चर्चिल, सर अँथनी ईडन, क्लेमंट ॲटली, हेन्री कूपर, लेडी डायना. आम्ही या सगळ्यांना हरवलं!

नातू म्हणाला, "आबा, यात एकही फुटबॉलपटू नाही." खरंच नाही. बॉबी मूर नाही, बॉबी चार्ल्टन नाही. हेन्री कूपर आहे, पण तो मुष्टियोद्धा. १९६३ साली त्याने कॅशियस क्लेला (म्हणजे पुढच्या मुहम्मद अलीला) वेम्ब्लीवर खाली पाडलं होतं, जरी तो सामना शेवटी क्लेनेच जिंकला. डायनाचं लग्न दीडच महिन्यापूर्वी, २९ जुलैला, झालेलं. तेव्हापासून ती 'लेडी' राहिली नव्हती, राजपुत्राची पत्नी म्हणून पदवी बदलली होती. पण समालोचकाला कोण एवढं विचारणार? बीव्हरब्रुक हा वर्तमानपत्रांचा बडा मालक आणि १९४० साली चर्चिलच्या मंत्रिमंडळात विमाननिर्मितीचा मंत्री. त्याचा जन्म मात्र कॅनडातला. म्हणजे वीरांच्या जन्मभूमीच्या यादीतला दुसराच वीर परदेशी जन्माचा निघाला.

इतिहासाचा मास्तर म्हणून मला ही यादी वाचताना वेगळंच काही दिसू लागलं. नेल्सन का? १८०१ साली कोपनहेगनच्या बंदरात नेल्सनने डेन्मार्क-नॉर्वेच्या आरमाराचा पराभव केला होता. तेव्हा दोन्ही देशांचा राजा एक. पुढे नेल्सन गेल्यानंतर १८०७ पासून ब्रिटिशांनी समुद्र अडवला आणि नॉर्वेत धान्य येईना. लोकांनी उपासमार काढली. इब्सेनने त्या नाकेबंदीवर दीर्घ कविता लिहिली आहे. म्हणजे नेल्सनचं नाव तिकडे जुन्या जखमेचं नाव आहे.

पण बाकीची नावं जखमेची नाहीत. चर्चिल, ईडन, ॲटली, बीव्हरब्रुक हे सगळे एका टेबलाभोवती बसणारे, १९४० ते ४५ च्या लंडनमधले. आता लिलेलियनचं वय पाहा. ९ एप्रिल १९४० ला जर्मन फौजा नॉर्वेत उतरल्या तेव्हा त्याला तेरा वर्षं पूर्ण होऊन जेमतेम दोन आठवडे झाले होते. मोकळा झाला तेव्हा अठरा. मधली पाच वर्षं देश जर्मनांच्या टाचेखाली. राजे होकोन सातवे आणि त्यांचं मंत्रिमंडळ जूनमध्ये लंडनला पोचलं आणि तिथून बीबीसीवरून आपल्या लोकांशी बोलत राहिलं. १९४१ च्या शरदात जर्मनांनी लोकांचे रेडिओ जप्त केले. तरी काहींनी ते लपवून ठेवले, रात्री दबक्या आवाजात लंडन ऐकलं, ऐकलेलं टंकून चोरून वाटलं. पकडलं गेलं तर शिक्षा जिवावरची. तेरा ते अठरा या वयात, आवाज म्हणजे काय, रेडिओ म्हणजे काय, हे त्या पिढीला असं कळलं. युद्धानंतर, १९४७ पासून, ओस्लो शहर दर नाताळला लंडनच्या ट्रॅफल्गार चौकात एक मोठं झाड पाठवतं, आभार म्हणून. आणि त्या चौकात उंच खांबावर उभा कोण? नेल्सन!

म्हणून मला वाटतं, ऐकायला ती शिवीगाळ वाटली तरी ती शिवीगाळ नव्हती. ज्यांच्या आवाजाच्या आधाराने आपण पोरवय काढलं, त्यांनाच आपल्या गल्लीतल्या पोरांनी हरवलं, याचा तो आनंद होता. ज्या घरात आपण आश्रयाला राहिलो त्याच घरच्या थोरल्या भावाला एक दिवस कुस्तीत चीतपट करावं, तसा.

आपल्याला हे समजायला जड नाही, आणि एका अर्थी जडही आहे. २४ ऑगस्ट १९७१ ला ओव्हलवर वाडेकरांच्या संघाने इंग्लंडला त्यांच्याच देशात पहिल्यांदा हरवलं, तेव्हा मी बी.ए.ला होतो. चंद्रशेखरने दुसऱ्या डावात ३८ धावांत ६ बळी घेतले होते. आमच्या वाड्यात रेडिओभोवती वीस-पंचवीस माणसं होती आणि शेवटची चौकार-धाव झाल्यावर एका आजोबांनी, जे बेचाळीस साली तुरुंगात जाऊन आले होते, डोळे पुसले. आमच्या यादीत नेल्सन नसता. आमची यादी क्लाइव्हपासून सुरू झाली असती आणि तिच्यात चर्चिल थोरल्या भावासारखा नक्कीच आला नसता. ॲटलीचं काय केलं असतं कोण जाणे! २० फेब्रुवारी १९४७ ला भारत सोडण्याची घोषणा त्यानेच तर केली. तेच इंग्लंड, तीच माणसं, पण ओस्लोतून एक दिसतात आणि आमच्या वाड्यातून वेगळी. वर्गात 'इतिहास म्हणजे कुठून पाहतो यावर' असं मी कैक वेळा सांगितलं असेल, पण त्यासाठी असं चपखल उदाहरण माझ्याकडे नव्हतं. असो.

थॅचरबाईंचं राहिलंच. लिलेलियनने त्यांना हाक मारून म्हटलं, ऐन निवडणुकीच्या धामधुमीत तुम्हाला एक निरोप आहे. ही धामधूम इंग्लंडची नव्हे, नॉर्वेची. चारच दिवसांनी, १३ आणि १४ सप्टेंबरला, तिकडे मतदान होतं. पंतप्रधान होत्या ग्रो हार्लेम ब्रुंटलांड, नॉर्वेच्या पहिल्या महिला पंतप्रधान, त्याच फेब्रुवारीत आलेल्या. त्या निवडणुकीनंतर त्यांचं सरकार गेलं आणि कोरे विलोक यांचा उजवा पक्ष सत्तेवर आला. तर अशा दिवसांत तो थॅचरबाईंना निरोप देतो, की आम्ही इंग्लंडला विश्वचषकातून बाहेर काढलं! आणि मग न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनच्या आसपास मुष्टियुद्धाच्या शौकिनांच्या दारूच्या गुत्त्यांत तुमच्या भाषेत जसं म्हणतात तसं सांगतो, असं म्हणून ते प्रसिद्ध वाक्य. इंग्लंडच्या बाईंना अमेरिकेच्या गुत्त्यातली इंग्रजी! भूगोल कोलमडलेला, पण कुणाला पर्वा होती?

इथे मात्र माझ्यातला मास्तर लाल पेन घेऊन उभा राहिला. कारण निरोप चुकीचा होता. इंग्लंड विश्वचषकातून बाहेर गेलंच नाही. १९८२ पासून स्पर्धेत चोवीस संघ घ्यायचे ठरलं होतं, त्यामुळे त्या गटातून दोघांना संधी होती. महिन्याभरात रुमानिया आपल्याच घरी स्वित्झर्लंडकडून हरला, १८ नोव्हेंबरला इंग्लंडने वेम्ब्लीवर हंगेरीला १-० ने हरवलं, आणि हंगेरीपाठोपाठ दुसऱ्या क्रमांकाने इंग्लंड ऐटीत स्पेनला गेलं. पाच संघांच्या त्या गटात शेवटचा कोण? नॉर्वे! म्हणजे 'आम्ही जगात सर्वश्रेष्ठ' म्हणणारे गटात तळाला.

हे वाचलं आणि मी वही मिटून बराच वेळ तसाच बसलो. नातवाला कळेना, आबांना काय झालं. मी त्याला मेळाव्याची हकिकत सांगितली. तो पोट धरून हसला आणि म्हणाला, "म्हणजे तुम्ही पानिपतचे लिलेलियन!"

तसं पाहिलं तर १४ जानेवारी १७६१ ला दुपारी पानिपतावर उभ्या असलेल्या एखाद्या समालोचकाने माझंच वाक्य उच्चारलं असतं. सकाळपासून दुपारपर्यंत पारडं मराठ्यांकडेच झुकलेलं होतं. विश्वासरावांना गोळी लागली आणि चित्र पालटलं. मी त्या वर्गात दुपारच्या आधीच्या घटकेत उभा होतो, आणि पुस्तक संध्याकाळी लिहिलेलं होतं. लिलेलियनही शिट्टी वाजली त्या घटकेत उभा होता. नोव्हेंबरमधला वेम्ब्लीचा सामना त्याला कुठून दिसणार? ही सबब आहे का? आहे थोडीशी. समालोचकाला ती चालेल, इतिहास शिकवणाऱ्याला चालू नये, कारण संध्याकाळी काय झालं हे मला ठाऊक होतं. त्या मुलीने मला टोकलं ते योग्यच केलं. तिचं नाव मला आठवतं आणि मागच्या बाकावरच्या त्या नकलाकाराचं दर वेळी विचारावं लागतं, हेही कबूल करतो.

पण मला झोंबलं होतं ते चुकीबद्दल नव्हतं, बाकीचं सगळं पुसलं गेलं याबद्दल होतं. लिलेलियनचंही तसंच झालं की. तीस वर्षांत त्याने किती फेऱ्यांच्या वेळा बिनचूक सांगितल्या असतील! किती रविवारी थंडीत कुडकुडत मैदानाच्या कडेला बसून, कुणी न पाहिलेल्या शर्यती लोकांना दाखवल्या असतील! त्यातलं नॉर्वेबाहेर काहीच पोचलं नाही. पोचलं ते एक मिनिट, ज्यात मुख्य बातमी चुकलेली आहे. आणि ज्यांना सणसणीत मार पडला म्हणून तो ओरडला, त्या इंग्रजांनीच ते मिनिट डोक्यावर घेतलं. त्या वाक्याची तिकडे म्हण झाली. इंग्लंडचा कुणी संघ जिंको वा हरो, वर्तमानपत्रवाले नावं बदलून तीच यादी छापतात. २००२ साली 'ऑब्झर्व्हर'च्या क्रीडा मासिकाने क्रीडा समालोचनाचा आजवरचा सर्वोत्तम नमुना म्हणून त्याचीच निवड केली. २०१२ साली नॉर्वेने आपल्या देशाच्या मौल्यवान दस्तऐवजांची यादी केली, तीत हे ध्वनिमुद्रण आहे.

ध्वनिमुद्रण होतं म्हणून, हेही खरं. १८ जून १९८३ ला टनब्रिज वेल्सला कपिलदेवने झिंबाब्वेविरुद्ध नाबाद १७५ धावा काढल्या. पाच बाद १७ वरून! त्या खेळीचं चित्रीकरण नाही. त्या दिवशी बीबीसीचा संप होता असं सांगतात. ज्यांनी मैदानावर पाहिली त्यांच्याबरोबर ती जाणार. आणि लिलेलियनचं ओरडणं मात्र माझ्या नातवाच्या नातवालाही ऐकता येईल. माझ्या वर्गातलं वाक्य कुणी टेप केलं नव्हतं. ते चाळीस वर्षं टिकलं ते मागच्या बाकावरच्या एका घशात. त्याने ते आपल्या बायकोला, मुलांना ऐकवलं आहे म्हणे. त्याचा मुलगा त्या दिवशी माझ्या पाया पडायला आला, तेव्हा म्हणाला, "बाबा घरी पानिपत पूर्ण सांगतात. आधी जिंकतात, मग हरतात." मी तेव्हा माझ्याच दुखण्यात होतो, माझं लक्षच नव्हतं. त्या पोराला विश्वासराव माहीत होते, गारदी माहीत होते, दुपारचं ऊन कुठून येत होतं तेसुद्धा माहीत होतं. हे त्याला कुणी सांगितलं?

गोष्टीचा शेवट राहिला आहे, तो नातवाने शेवटच्या दिवशी, बॅग भरताना सांगितला.

लिलेलियन २६ ऑक्टोबर १९८७ ला गेला, साठाव्या वर्षी. पुढे १९९४ च्या विश्वचषकासाठी पुन्हा नॉर्वे आणि इंग्लंड एकाच गटात आले. २ जून १९९३, तेच उलेवाल मैदान. या वेळी नॉर्वेने इंग्लंडला २-० असं हरवलं, लेओनार्डसन आणि बूहिनेन यांचे गोल. गटात नॉर्वे पहिला, हॉलंड दुसरा, इंग्लंड तिसरं. नॉर्वे १९३८ नंतर पहिल्यांदा विश्वचषक खेळायला अमेरिकेला गेला. आणि इंग्लंड खरोखरच बाहेर राहिलं.

"म्हणजे बारा वर्षांनी त्याचं वाक्य बरोबर आलं," नातू म्हणाला. मग चप्पल घालता घालता वळून, "आबा, तुमचं काही चान्स नाही हं!"

एसटी साडेतीनची होती. स्टँडवर त्याला बसवून परत येताना मी त्या मागच्या बाकावरच्या माणसाला फोन लावला आणि म्हटलं, पुढच्या रविवारी मुलाला घेऊन ये, नकाशा काढून ठेवतो.